मधल्या खोलीची पेशी

दुबेजींचा फोन आला तेव्हा शालिग्रामराव निंभोरकर अंगणात माघाचं ऊन पाठीवर घेत बसले होते. दुबेजी म्हणजे त्यांचे वकील. खरं तर वकिलाचे चिरंजीव. थोरले दुबेजी हा खटला चालवता चालवताच वारले आणि धाकट्यांना तो वारसाहक्काने मिळाला, तोही विनातक्रार. वकिलांच्या घरात वाटण्या भराभर होतात. एरवी धाकटे दुबेजी 'चाचाजी, तारीख मिल गई' एवढंच सांगून फोन ठेवत. आज त्यांचा आवाज दवाखान्याच्या व्हरांड्यातून बोलणाऱ्यासारखा होता. कोर्टात नव्या मॅडम आल्या आहेत, जुने दिवाणी खटले आधी निकाली काढा असं वरून आलं आहे, आणि जुन्यांत जुना म्हणून निंभोरकरांचा नंबर पहिला लागला आहे. सोमवारी शेवटची बहस. मॅडम तारीख देत नाहीत.

"देत नाहीत म्हणजे?" शालिग्रामरावांनी विचारलं.

"मतलब, फैसला होगा, चाचाजी."

शालिग्रामराव ऐंशीला टेकले होते. त्यांनी उभी हयात खमरियाच्या फॅक्टरीत तोफगोळे हाताळण्यात घालवली आणि कधी दचकले नाहीत. 'फैसला' म्हटल्यावर मात्र ते दचकले. ते उठले, मधली खोली ओलांडून पलीकडच्या दारापाशी गेले आणि पेशीचा, म्हणजे कोर्टाच्या तारखेचा, दिवस नसताना, कित्येक वर्षांत पहिल्यांदा, त्यांनी धाकट्या भावाला हाक मारली.

"विष्णू, बाहेर ये बे. घात झाला."

विष्णूराव अर्ध्या दाढीला साबण तसाच ठेवून बाहेर आले. वादीने प्रतिवादीला सगळी हकिकत सांगितली. प्रतिवादी मटकन खाली बसला.

या दोघांच्या बाबांनी फॅक्टरीच्या गेटाबाहेर प्लॉट घेऊन एका ओळीत तीन खोल्या बांधल्या होत्या. पश्चिमेच्या खोलीत थोरला संसार थाटून बसला, पूर्वेच्या खोलीत धाकटा. मधल्या खोलीत बाबा राहत, आणि तिथेच ते गेले. तेराव्याचं गोड जेवण पचायच्या आत थोरला म्हणाला, मधली खोली बाबांनी मला तोंडी दिली. धाकटा म्हणाला, बाबांचं शेवटचं हगणंमुतणं मी काढलं, तेव्हा तुझं तोंड कुठं होतं? एवढ्यावर केस उभी राहिली. पुढे दोघांनी आपापल्या बाजूला वरचे मजले चढवले, टाइल्स बसवल्या, पण मधली खोली कवेलूच्या छपराखाली तशीच राहिली, कारण तिच्यावर कोर्टाचा स्टे होता. यथास्थिति. जे जसं आहे ते तसंच राहील.

आता त्या दिवशी खोलीत काय काय होतं? कोर्टाचा माणूस पाहणीला आला तेव्हा तिथे एक खाट होती, एक लोखंडी कपाट, एक शिलाई मशीन, आणि भाऊबिजेला आलेली विभावरी. शालिग्रामपेक्षा लहान, विष्णूपेक्षा मोठी, दोघांची मिळून एक बहीण. तिचा नवरा कुंडमला जंगलखात्यात कारकून होता. त्याच पावसाळ्यात तो कावीळ होऊन गेला होता. भाऊबीज झाली, तुळशीचं लग्न झालं, कुंडमहून तिला न्यायला कोणी आलं नाही. मग यथास्थितीचा हुकूम आला आणि निंभोरकरांनी तो खोलीसकट बहिणीलाही लावला. कोर्टाने तसं म्हटलं नव्हतं. पण हा अर्थ सगळ्यांनाच सोयीचा होता. सासरच्यांना 'काहून नेत नाही' याचं उत्तर मिळालं, भावांना 'काहून ठेवली' याचं. केस चालू आहे ना, म्हणून थांबली. अशी ती तीस-एकतीस वर्षं थांबली होती.

हे लोक कायदा पाळणारे, हेही सांगायला हवं. मधल्या खोलीला दोन बाजूंनी दोन दारं, एक थोरल्याकडे उघडणारं, एक धाकट्याकडे, आणि कड्या दोन्ही दारांना बाहेरून. आतून काहीच नाही. विभावरीने पहिल्याच वर्षी म्हटलं होतं, आतून एकेक चटकनी लावून द्या, लुगडं बदलताना दाराला पाठ लावून उभं राहावं लागतं. तर चटकनी म्हणजे बदल, आणि बदलाला स्टे. म्हणून रीतसर अर्ज झाला. थोरल्याच्या वकिलाने लेखी म्हटलं की पश्चिमेच्या दाराला चटकनी बसवल्यास वादीच्या हक्काला बाधा येते. धाकट्याच्या वकिलाने पूर्वेच्या दाराबद्दल तेच म्हटलं. त्या अर्जावर दोनदा बहस झाली, दोन न्यायाधीश बदलून गेले, आणि अर्ज अजून विचाराधीन होता.

बाकी पेशीच्या दिवशी दोन्ही पक्ष एकाच रिक्षाने जात. विभावरी मधे बसे. निघताना ती दोघांच्या हातावर दही-साखर ठेवी आणि दोघांनाही म्हणे, यश येऊ दे. कोर्टाच्या आवारात कडूलिंबाखाली तिच्या हातच्या पुऱ्या आणि बटाट्याची सुकी भाजी खात वादी-प्रतिवादी एकमेकांचं ब्लडप्रेशर विचारत, आणि पुकार झाला की आत जाऊन एकमेकांना खोटारडे म्हणत.

रविवारी दुपारी बैठक भरली ती मधल्या खोलीतच. दुसरीकडे कुठे भरणार? थोरल्याकडे भरली तर धाकटा येणार नाही, धाकट्याकडे भरली तर थोरला. चहा अर्थातच विभावरीने ठेवला.

शर्मिला दाराशी वेताच्या मोड्यावर बसली. ती शालिग्रामरावांची सून. लग्न होऊन आली तेव्हा केस तरणीताठी होती. या घरात आपण माणसांत नाही, केसमध्ये नांदायला आलो, हे तिला पहिल्याच वर्षी कळलं होतं. नवऱ्याला रेल्वेत इटारसीला बढती मिळत होती. आनंद म्हणाला, केस निपटू दे. पलीकडे गीतांजलीला छिंदवाड्याहून आईला आणून ठेवायचं होतं. तिचा नवरा, विष्णूरावांचा मुलगा गौतम, म्हणाला, केस निपटू दे. म्हणजे प्रत्येकाने आपापलं नको असलेलं काम या केसच्या गाठोड्यात बांधून ठेवलं होतं, आणि आता कोणी एक मॅडम गाठोडं सोडायला निघाल्या होत्या. इटारसीची बढती आता राहिली नव्हती, हे शर्मिलाला ठाऊक होतं. पण आनंदला आता दुसरं काहीतरी कारण शोधावं लागेल, या विचाराने तिला थोडं बरंच वाटलं.

बैठकीत पहिला मुद्दा विष्णूरावांचं हृदय. त्यांना दवाखान्यात भरती करावं असं गौतमने सुचवलं. पण त्यांचं हृदय याआधी तीन पेशींना बंद पडून झालं होतं, आता कोण विश्वास ठेवणार? मग इंदिराबाईंची साक्ष आठवली. शालिग्रामरावांची पत्नी, साक्ष अर्धी झाली आणि उलटतपासणीच्या आधीच वारली. तिच्या जागी कोणाची तरी साक्ष घ्या असं म्हणता येईल का? आनंद म्हणाला, ते तर तिच्या वर्षश्राद्धालाच म्हणून झालं. वकील बदलावा, कागद गहाळ झाले म्हणावं, मॅडमवरच अविश्वास दाखवावा, असं एकेक निघालं आणि बसलं. दोन्ही पक्षांत इतकं एकमत या घराने कधी पाहिलं नव्हतं.

शेवटी आनंदच वैतागला. "समजा, झालाच फैसला. तर काय होईल? जो जिंकेल, खोली त्याची. खोलीत जे आहे, तेही त्याचंच. एवढंच ना?"

सगळ्यांनी खोलीत काय काय आहे ते पाहिलं. खाट, कपाट, शिलाई मशीन. मग सगळ्यांची नजर स्टोव्हकडे गेली आणि परत फिरली.

प्रणोती, आनंदची मुलगी, मोबाईलमधून मान वर करून म्हणाली, "और विभाआजी?" तिला मराठी कळायची सगळी, पण विचारायचं असलं की ती हिंदीत विचारायची, आणि नको तेच विचारायची.

शर्मिला पटकन सावरून बसली. "मी तर कधीची म्हणून राहिली, आजेसासऱ्यांचं शेवटचं केलं ते काकांनीच. खोली खरं म्हणजे काकांचीच."

"नाही हो दीदी," गीतांजलीने तितक्याच प्रेमाने उत्तर दिलं. "मोठे ते मोठेच. आजोबांनी तोंडी दिली होती ना त्यांना? मग? आपल्यात शब्दाला मान असतो."

झालं. एकतीस वर्षं थोरल्यांनी जे म्हटलं होतं ते आता धाकटे म्हणू लागले आणि धाकट्यांचं थोरले. शर्मिलाने विष्णूरावांच्या पितृसेवेचं असं वर्णन केलं की त्यांच्या स्वतःच्या वकिलालाही ते जमलं नव्हतं. गौतम म्हणाला, मोठ्या काकांचा हक्क आम्ही कधी नाकारलाच नाही, ते तर वकिलाने लिहिलं. घ्या ना तुम्ही. नाही नाही, तुम्हीच घ्या.

विष्णूराव ऐकत होते. खोली जिंकावी म्हणून त्यांनी आपली उमेद घातली होती, आणि आता ती ताटात वाढून येत होती तर हात पुढे होत नव्हता. का होत नव्हता ते त्यांना ठाऊक होतं. ताई त्यांच्यापेक्षा चारच वर्षांनी मोठी, पण लहानपणी रांझीच्या शाळेतून त्यांना पाठकुळी घेऊन यायची, त्यांची चप्पल हातात धरून. तिचे गुडघे आता गेले होते. दुखणं आलं तर करायचं कोणी? गीतांजली करणार नाही, हे त्यांना बोलायची गरज नव्हती. त्यांना स्वतःची लाज वाटली. ती त्यांनी चहाबरोबर गिळली आणि कप खाली ठेवला. ताईने तो लगेच उचलला.

तेवढ्यात दुबेजींचा फोन आला. आनंदने तो सगळ्यांना ऐकू येईल असा लावला. दुबेजींनी रात्रभर विचार केला होता, आणि विरुद्ध पक्षाच्या पटेरिया वकिलांशी चहा पीत सल्लाही केला होता. "एक रास्ता है," ते म्हणाले. "बुआजी को पक्षकार बनवा दो. पिताजी की बेटी हैं, इनके बिना बँटवारा हो ही नहीं सकता. अर्जी लगेगी, नोटिस होगा, जवाब आएगा, गवाही नए सिरे से. समझ लो, केस फिर जवान हो गया."

"हे आधी काहून नाही सुचलं?" शालिग्रामरावांनी विचारलं.

"शुरू में ही बनाना था, चाचाजी. पर आप दोनों ने लिखवाया था कि पिताजी के दो ही वारिस हैं. पूरे केस में यही एक बात है जिस पर दोनों पक्ष सहमत थे."

मग गौतमने हलक्या आवाजात विचारलं, त्यांचा हिस्सा तर निघणार नाही ना. दुबेजी हसले. "कागज पर तो निकलेगा, भैया. पर बहनें कहीं माँगती हैं?"

सगळे हसले. बहीण मागत नाही हे या घरात गृहीतच होतं. विभावरीला तर विचारायचीही गरज नव्हती. आनंदने अर्जासाठी कोरा कागद पुढे केला आणि म्हणाला, आत्याबाई, इथं सही करून द्या, उद्या फक्त मॅडमला सांगायचं, मला वकील करायला वेळ पाहिजे. बस.

गौतम उठता उठता म्हणाला, "दहा वर्षं तरी निघतील आरामात. तोवर तर..." आणि तो थांबला. चप्पल शोधायला वाकला. कोणीतरी खोकलं. मग सगळे आपापल्या दाराने गेले, आणि दोन्ही दारं नेहमीप्रमाणे उघडीच राहिली.

विभावरी कप विसळत बसली. खरं सांगायचं तर या अख्ख्या घरात कोर्टाच्या तारखांवर जीव लावलेलं माणूस ती एकच होती. भाऊ जिंकायला जात. ती लिंबाखाली बसून, आज निकाल लागू नको रे देवा, असं म्हणत असे. तारीख पडली की ती हात जोडी आणि मग पुऱ्या वाढी. दोघांना यश येऊ दे म्हणायची ते खोटं होतं. दोघांपैकी कोणालाही यश आलं की आपलं बोचकं बांधायची वेळ येणार, हे तिला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. निकाल म्हणजे रस्ता, आणि तारीख म्हणजे छप्पर. आता तर तिला दहा वर्षांचं छप्पर मिळत होतं, तेही एका सहीत. तिने आनंदाने करावी अशीच सही होती, आणि तिने ती केली होती.

पण ते 'तोवर तर' कानातून जाईना. गौतमला तिने न्हाऊमाखू घातलं होतं. त्याचा गोवर या खाटेवर निघाला होता. तो दुष्ट नव्हता, यांच्यातलं कोणीच दुष्ट नव्हतं, हेच तिला जास्त लागलं. त्यांनी हिशेब केला होता की केस आत्याच्या आयुष्याएवढी लांबवायची, मग खोली आपोआप रिकामी होईल. आज दोन्ही घरांनी ती खोली एकमेकांना किती मायेने देऊ केली, आणि तीही तिच्यासमोर, जणू विभावरी म्हणजे पेल्यात पडलेली माशी. विभावरीला राग आला. राग येण्याची सवय मोडली होती, म्हणून तो ओळखायला तिला थोडा वेळ लागला.

संध्याकाळी फॅक्टरीचा भोंगा वाजला. पाणी भरायला शर्मिला या दाराने आली आणि त्या दाराने गेली.

सोमवारी नेहमीसारखी रिक्षा आली, आणि आज दोन्हीकडची मुलं-सुनाही मागून दुसऱ्या रिक्षाने निघाली. दही-साखर झाली. पण विभावरी 'यश येऊ दे' म्हणाली नाही, आणि दोघांच्याही ते लक्षात आलं नाही.

कोर्टाच्या त्या खोलीत बाकं तीच होती, पंखा तोच, पण टेबलामागे मॅडम नव्या होत्या. वय फार नसावं. त्यांनी फाईल मागवली तर ती दोन शिपायांनी उचलून आणली. दुबेजींनी अर्ज दिला, पटेरियांनी हरकत नाही म्हटलं. विरुद्ध वकिलाची हरकत नाही हे ऐकून मॅडमनी चष्मा काढला आणि दोघांकडे नीट पाहिलं. मग अर्ज वाचला. मग मागे टेकून विचारलं, घरात खोल्या किती?

"तीन," दुबेजी म्हणाले.

"और पिताजी के बच्चे?"

दुबेजींनी पटेरियांकडे पाहिलं. "तीन, मैडम."

"तीन कमरे, तीन बच्चे," मॅडम म्हणाल्या. "इसमें इकतीस साल कैसे लगे?"

हे विचारायला आजवर कोणी बसलंच नव्हतं. जो बसायचा त्याची फाईल वाचून होईस्तोवर बदली व्हायची. मॅडमनी अर्ज मंजूर केला. दुबेजी खुशीत आले, नोटिशीसाठी लांबची तारीख मागायला त्यांनी तोंड उघडलं, तर मॅडम म्हणाल्या, नोटीस कशाला, बहीण आलेली दिसते. आणि त्यांनी विभावरीला पुढे बोलावलं.

ती एवढी वर्षं कोर्टात येत होती, पण लिंबाखालपर्यंतच. आत पहिल्यांदा आली होती. शालिग्रामरावांनी तिला मागून खूण केली: वेळ माग. विष्णूरावांनीही तीच खूण केली. मॅडमनी विचारलं, आपल्याला वकील करायला वेळ हवा का.

विभावरीने पदर सारखा केला.

"मला टाइम नको, मॅडम," ती म्हणाली. मग मॅडमना कळावं म्हणून हिंदीत सांगितलं, "टाइम तो मैं ही दे रही हूँ इतने साल से. आप फैसला कर दो. बीच का कमरा मेरा है. मैं उसी में रहती हूँ."

मागे आनंदच्या हातातून फाईल सटकली. मॅडम म्हणाल्या, कायद्याने तिसरा हिस्सा बहिणीचाच आहे, तेव्हा लढलात तरी तोच लागेल. भावांची हरकत असेल तर सांगा, नसेल तर राजीनामा, म्हणजे तडजोडीचा कागद, लिहा, दुपारनंतर सही करून टाका.

आता इथे निंभोरकरांचा स्वभाव कामी आला. शालिग्रामरावांनी खोली बहिणीला जातेय हे ऐकलंच नाही, त्यांनी एवढंच ऐकलं की ती विष्णूला मिळत नाही. एकतीस वर्षं ते ज्यासाठी झगडले होते त्याचा अर्धा भाग हाच होता, आणि मोठा भागही हाच. त्यांनी भावाकडे तिरकं पाहिलं आणि म्हणाले, "मेरी कोई हरकत नहीं." विष्णूरावांनी लगेच, दादा फिरायच्या आत, आपलीही नाही असं सांगून टाकलं. त्यांच्या छातीवरचं काहीतरी उतरलं, हे मात्र खरं. डोळे भरून आले म्हणून ते भिंतीकडे वळले.

शर्मिला आणि गीतांजलीने एकमेकींकडे पाहिलं. आत्या आता कोणाच्याच वाट्याला आली नव्हती, पण खोलीही आली नव्हती. यात आपण जिंकलो की हरलो, हे दोघींनाही ठरवता येईना.

दुपारी लिंबाखाली पुऱ्या झाल्या आणि जेवणानंतर सह्या झाल्या. एवढ्या वर्षांची केस चार वाजायच्या आत संपली. जाता जाता मॅडमनी सांगितलं की चटकनीचा तो जुना अर्ज आता निरर्थक झाला म्हणून निकाली काढत आहोत. दुबेजी पायरीवर बराच वेळ बसून राहिले. पटेरियांनी त्यांना चहा पाजला.

परतताना रिक्षात विभावरी नेहमीसारखी मधे बसली. दोघे भाऊ मनातल्या मनात जिंकले होते, त्यामुळे दोघेही उदास होते. पुढची पेशी नाही म्हणजे पुढे करायचं काय, हे आता त्यांच्या ध्यानात येऊ लागलं होतं. घमापूर गेलं, रांझीचा बाजार आला. विभावरीने रिक्षावाल्याला थांबायला सांगितलं, लोखंडी सामानाच्या दुकानात गेली आणि दोन चटकन्या घेऊन आली. पितळी, चांगल्या जाड.

त्या बसवल्याही भावांनीच. फॅक्टरीची माणसं, हात अजून हलत होते. पश्चिमेच्या दाराला शालिग्राम, पूर्वेच्या दाराला विष्णू. आपल्यालाच बाहेर ठेवणारी चटकनी दोघे मन लावून ठोकत होते, आणि मधून मधून वळून पाहत होते, दुसऱ्याची वाकडी तर बसली नाही. विष्णू म्हणाला दादाची वाकडी आहे. दादा म्हणाला, तुझे डोळे वाकडे आहेत. बऱ्याच वर्षांनी त्यांचं असं बिनकोर्टाचं भांडण होत होतं.

"झालं?" विभावरीने विचारलं. "मग आता जा. आपापल्या दारानं."

ते गेले. तिने आधी एक दार लावलं, मग दुसरं. दोन्ही चटकन्या सरकल्या, जरा घट्टच होत्या. खोलीत तेच सगळं होतं, खाट, कपाट, मशीन. ती खाटेवर बसली आणि रडली. नवरा गेला तेव्हाही तिला इथे असं रडता आलं नव्हतं. कोणीतरी पाण्याची बादली घेऊन मधून जायचं आणि ती डोळे पुसून बाजूला सरायची. आज कोणी आलं नाही. पुरेसं रडून झाल्यावर ती उठली, तोंड धुतलं, आणि स्टोव्हला पंप मारला.

तेवढ्यात पश्चिमेकडचं दार वाजलं. त्या दारावर आजवर कोणी टकटक केली नव्हती, म्हणून आवाज कसला ते तिला क्षणभर कळलं नाही.

"विभा," बाहेरून शालिग्रामराव म्हणाले, "चहा करून राहिली का?"

मग पूर्वेकडूनही आवाज आला. "ताई, मीपण आलो."

विभावरी स्टोव्हपाशी उभी राहिली. दार उघडायला पाय आपोआप निघाले होते, ते तिने थांबवले.

"आज नाही होणार," ती आतून म्हणाली. "उद्याची तारीख घ्या."

मग तारीख मिळाल्यावर काय करायचं असतं ते दोघांनाही चांगलं ठाऊक असल्यामुळे, दोघे 'बरं' म्हणून आपापल्या घरात परत गेले. विभावरीने एका कपाचं आधण ठेवलं.